अटक वॉरंट (भारतीय फौजदारी प्रक्रिया)

अटक वॉरंट (विधी परिभाषेत अटक अधिपत्र, बोलीभाषेत पकड वॉरंट) म्हणजे एखाद्या व्यक्तीला अटक करून आपल्यासमोर हजर करावे, असा फौजदारी न्यायालयाने दिलेला लेखी आदेश होय. भारतात वॉरंट काढणे, त्याची बजावणी करणे आणि ते रद्द करणे यांविषयीच्या तरतुदी १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ या कायद्यात आहेत. त्यापूर्वी त्या फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ मध्ये होत्या. अटक वॉरंटला कालमर्यादा नसते. काढणाऱ्या न्यायालयाने रद्द करेपर्यंत किंवा बजावणी होईपर्यंत ते अमलात राहते. त्यामुळे वॉरंट काढण्याच्या अधिकाराइतकाच ते परत घेण्याचा अधिकारही महत्त्वाचा ठरतो, आणि या विषयावरील न्यायनिर्णयांचा मोठा भाग या दोन अधिकारांच्या वापराशीच संबंधित आहे.

स्वरूप

संहितेच्या कलम ७२ नुसार (जुने कलम ७०) वॉरंट लेखी असावे लागते, त्यावर न्यायालयाच्या पीठासीन अधिकाऱ्याची सही आणि न्यायालयाचा शिक्का असावा लागतो. अटक करावयाच्या व्यक्तीचे नाव व पत्ता, तिच्यावरील आरोप आणि वॉरंट ज्याच्या नावे काढले आहे तो अधिकारी यांचा उल्लेख वॉरंटमध्ये असतो. वॉरंटचा नमुना संहितेच्या दुसऱ्या अनुसूचीत दिलेला आहे.

वॉरंट सामान्यतः एक किंवा अधिक पोलीस अधिकाऱ्यांच्या नावे काढले जाते. बजावणी तातडीने करणे आवश्यक असेल आणि पोलीस अधिकारी लगेच उपलब्ध नसेल, तर अन्य व्यक्तीच्या नावेही ते काढता येते.

अटक वॉरंट आणि ‘वॉरंट खटला’ या दोन संज्ञांची अनेकदा गल्लत होते. मृत्युदंड, आजीवन कारावास किंवा दोन वर्षांहून अधिक कारावासाची शिक्षा असलेल्या गुन्ह्याच्या खटल्याला वॉरंट खटला म्हणतात. हा केवळ खटल्याचा प्रकार आहे. वॉरंट खटल्यात आरोपीविरुद्ध वॉरंट निघालेच पाहिजे असे नाही, आणि समन्स खटल्यातही परिस्थितीनुसार वॉरंट निघू शकते.

इतिहास

ब्रिटिश भारतातील पहिली फौजदारी प्रक्रिया संहिता १८६१ सालची. तिच्यानंतर १८७२, १८८२ आणि १८९८ मध्ये नव्या संहिता आल्या. वॉरंटविषयीच्या आजच्या तरतुदींचा सांगाडा १८९८ च्या संहितेतील आहे. त्या संहितेत जिल्हा दंडाधिकाऱ्याला आपल्या जिल्ह्यातील जमीनधारक, मक्तेदार किंवा जमिनीचा व्यवस्थापक यांच्या नावे वॉरंट काढता येत असे. फरारी आपल्या जमिनीवर आला तर त्याला पकडून देणे हे अशा व्यक्तीचे कर्तव्य होते. १९७३ च्या संहितेने जमीनधारकांच्या जागी ‘कोणतीही व्यक्ती’ असे शब्द घातले आणि कार्यपालिका व न्यायपालिका यांच्या विभक्तीकरणाला अनुसरून हा अधिकार मुख्य न्यायदंडाधिकारी व प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी यांच्याकडे दिला. मात्र फरारी त्या व्यक्तीच्या ताब्यातील जमिनीवर किंवा मालमत्तेवर आल्यास बजावणी करावी, हे शब्द तसेच राहिले आणि आजच्या कलम ७५ मध्येही ते आढळतात. जमीनदारी गेली, तरी तिची भाषा कायद्यात अशी टिकून आहे.

२०२३ च्या संहितेने या प्रकरणात फार मोठे बदल केले नाहीत. जुनी कलमे ७० ते ८१ ही आता अनुक्रमे ७२ ते ८३ झाली आहेत. वॉरंट इलेक्ट्रॉनिक पद्धतीने काढण्याची व बजावण्याची मुभा, अटकेची माहिती पोलिसांनी परस्परांना कळवण्याचे बंधन आणि फरारी आरोपीच्या अनुपस्थितीत खटला चालवण्याची तरतूद हे उल्लेखनीय बदल होत.

वॉरंट काढण्याचा अधिकार

दखलपात्र गुन्ह्यात पोलीस कायद्याने घालून दिलेल्या अटींच्या अधीन राहून वॉरंटशिवाय अटक करू शकतात. अदखलपात्र गुन्ह्यात त्यांना वॉरंट लागते. अशा गुन्ह्याच्या तपासाचा आदेश दंडाधिकाऱ्याने दिला, तरी त्या आदेशाने वॉरंटविना अटकेचा अधिकार मिळत नाही.

न्यायालयाच्या दृष्टीने वॉरंटचे प्रयोजन हजेरी हे आहे, शिक्षा नव्हे. गुन्ह्याची दखल घेतल्यानंतर कलम २२७ (जुने कलम २०४) नुसार न्यायालय आदेशिका काढते. समन्स खटला असेल तर समन्स काढावे लागते. वॉरंट खटला असेल तर वॉरंट काढता येते, किंवा न्यायालयाला योग्य वाटल्यास समन्स. अभियोग पक्षाच्या साक्षीदारांची यादी दाखल झाल्याशिवाय यांपैकी काहीही काढता येत नाही.

याखेरीज कलम ९० (जुने कलम ८७) हे सर्वसाधारण स्वरूपाचे आहे. ज्या व्यक्तीला समन्स काढण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, तिच्याविरुद्ध समन्सऐवजी किंवा समन्सबरोबरच वॉरंट काढता येते. यात साक्षीदारही येतात. त्यासाठी दोनपैकी एक परिस्थिती असावी लागते: ती व्यक्ती फरार झाली आहे किंवा समन्स पाळणार नाही असे मानण्यास न्यायालयाला कारण असणे, अथवा समन्स वेळेत रीतसर बजावूनही ती वाजवी सबबीशिवाय गैरहजर राहणे. दोन्ही परिस्थितींत कारणे लेखी नोंदवावी लागतात. रोजनाम्यात ‘आरोपी गैरहजर, वॉरंट काढावे’ एवढीच ओळ लिहिल्याने ही अट पुरी होते असे म्हणता येत नाही. समन्स रीतसर पोहोचले होते का, हे आधी पाहणे कलमाच्या शब्दांतच अभिप्रेत आहे.

हजेरीचे बंधपत्र लिहून दिलेली व्यक्ती हजर न राहिल्यास कलम ९२ अन्वये तिच्या अटकेसाठी वॉरंट काढता येते. आरोपीच्या निर्दोष सुटकेविरुद्ध अपील दाखल झाल्यावर त्याला अटक करवण्याचा उच्च न्यायालयाचा अधिकार, आणि शिक्षा सुनावताना आरोपी हजर नसल्यास त्याला तुरुंगात पोहोचवण्यासाठी वॉरंट काढण्याचा अधिकार, हेही संहितेत आहेत.

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद ३६१ नुसार राष्ट्रपती आणि राज्यपाल यांच्या पदावधीत त्यांच्या अटकेसाठी कोणत्याही न्यायालयातून आदेशिका निघू शकत नाही. अन्य कोणत्याही पदाला असे संपूर्ण संरक्षण नाही. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अवमान प्रकरणात कलकत्ता उच्च न्यायालयाचे तत्कालीन न्यायाधीश सी. एस. कर्णन यांच्याविरुद्ध १०,००० रुपयांचे जामीनपात्र वॉरंट काढले होते.

जामीनपात्र आणि अजामीनपात्र वॉरंट

वॉरंटवर न्यायालयाने कलम ७३ (जुने कलम ७१) नुसार पृष्ठांकन केले असेल, तर ते जामीनपात्र वॉरंट होय. किती जामीनदार, किती रकमेचे बंधपत्र आणि कोणत्या वेळी हजर राहावयाचे, हे पृष्ठांकनात नमूद असते. त्यानुसार जामीन दिल्यास बजावणी करणाऱ्या अधिकाऱ्याला त्या व्यक्तीस सोडावेच लागते. असे पृष्ठांकन नसलेले वॉरंट अजामीनपात्र म्हणून ओळखले जाते.

वॉरंटचा हा प्रकार गुन्ह्याच्या प्रकारावरून ठरत नाही. खुनाच्या खटल्यातील साक्षीदाराविरुद्ध जामीनपात्र वॉरंट निघू शकते, आणि धनादेश न वटल्याच्या जामीनपात्र गुन्ह्यातही वारंवार गैरहजर राहणाऱ्या आरोपीविरुद्ध न्यायालये अजामीनपात्र वॉरंट काढतात. ‘अजामीनपात्र’ या शब्दामुळे अटक झाल्यावर जामीन मिळणारच नाही, अशी समजूत सर्वसामान्यांत आढळते. ती बरोबर नाही. त्याचा अर्थ इतकाच की पोलिसांना सोडण्याचा अधिकार नाही आणि जामिनाचा निर्णय न्यायालयच करील.

इंदर मोहन गोस्वामी वि. उत्तरांचल राज्य (२००७) या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने अजामीनपात्र वॉरंट केव्हा काढावे याचे निकष सांगितले. जमीन विक्रीच्या कराराचा वाद फौजदारी फिर्यादीत रूपांतरित झाल्याचे ते प्रकरण होते. व्यक्ती स्वतःहून न्यायालयात येणार नाही असे मानण्यास वाजवी कारण असेल, समन्स बजावण्यासाठी ती पोलिसांना सापडत नसेल, किंवा तत्काळ ताब्यात न घेतल्यास ती कोणाला इजा करील अशी शक्यता असेल, तरच असे वॉरंट काढावे, असे न्यायालयाने म्हटले. खाजगी फिर्यादीत प्रथम फिर्यादीच्या प्रतीसह समन्स, आरोपी ते टाळत आहे असे दिसल्यास जामीनपात्र वॉरंट, आणि तेही टाळले जात असल्याची खात्री पटल्यावरच अजामीनपात्र वॉरंट असा क्रम या निर्णयाने घालून दिला. संविधानाच्या अनुच्छेद २१ मधील व्यक्तिस्वातंत्र्य आणि समाजाचे हित यांचा तोल हा या क्रमाचा पाया आहे. हा क्रम संहितेच्या कलमांत लिहिलेला नाही. तो न्यायनिर्णयांतून आलेला आहे.

सतेंदर कुमार अंतिल वि. सीबीआय (२०२२) या निर्णयाने तपासात अटक न झालेल्या आरोपींच्या काही वर्गांसाठी हाच क्रम लागू केला. दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत आरोपीला अटक झाली नसेल आणि त्याने तपासात सहकार्य केले असेल, तर प्रथम साधे समन्स काढावे आणि वकिलामार्फत हजेरीलाही मुभा द्यावी, असे त्यात सांगितले आहे. तरसेम लाल वि. सक्तवसुली संचालनालय (२०२४) मध्ये आर्थिक गैरव्यवहार प्रतिबंधक कायद्याखालील खटल्यांनाही असाच दृष्टिकोन लागू झाला. समन्सनुसार हजर झालेला आरोपी कोठडीत आहे असे मानता येत नाही, आणि त्याच्याकडून हजेरीचे बंधपत्र घेणे म्हणजे जामीन देणे नव्हे, असे न्यायालयाने स्पष्ट केले.

तपास चालू असताना वॉरंट

खटला सुरू होण्यापूर्वी, पोलीस तपास चालू असताना न्यायालय वॉरंट काढू शकते का, हा प्रश्न १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोट प्रकरणात उपस्थित झाला. तपास यंत्रणेने दाऊद इब्राहिम व इतर फरार आरोपींविरुद्ध अजामीनपात्र वॉरंट मागितली होती. मुंबईतील विशेष न्यायालयाने ती नाकारली. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये तत्कालीन कलम ७३ (आताचे कलम ७५) चा अर्थ लावून हा आदेश बदलला. पळालेला सिद्धदोष कैदी, उद्घोषित गुन्हेगार आणि अजामीनपात्र गुन्ह्याचा आरोप असून अटक चुकवणारी व्यक्ती, अशा तिघांविरुद्ध या कलमाखाली वॉरंट निघू शकते. यांपैकी तिसऱ्या वर्गातील व्यक्तीविरुद्धचा तपास चालू असणे शक्य आहे, म्हणून तपासाच्या काळातही दंडाधिकाऱ्याला हा अधिकार वापरता येतो, असे न्यायालयाने ठरवले.

त्याच निर्णयात एक मर्यादाही घातलेली आहे. आरोपीला केवळ तपासाच्या मदतीसाठी पोलिसांपुढे हजर करावे, या हेतूने न्यायालय वॉरंट काढू शकत नाही. वॉरंट न्यायालयापुढे हजर करण्यासाठीच असते. हजर झाल्यावर पोलीस कोठडी द्यावी की नाही, हा निर्णय न्यायालय स्वतंत्रपणे घेते.

बजावणी

वॉरंटची बजावणी भारतात कोठेही करता येते (कलम ७९). संहितेच्या बहुतांश तरतुदी नागालँड आणि विशिष्ट आदिवासी क्षेत्रांना थेट लागू नाहीत. ज्या पोलीस अधिकाऱ्याच्या नावे वॉरंट आहे, तो दुसऱ्या अधिकाऱ्याचे नाव वॉरंटवर पृष्ठांकित करून त्याच्याकडे बजावणी सोपवू शकतो. अटक करताना वॉरंटचा सारांश त्या व्यक्तीला सांगणे बंधनकारक आहे, आणि तिने मागणी केल्यास वॉरंट दाखवावे लागते. अपवादात्मक परिस्थिती आणि दंडाधिकाऱ्याची पूर्वपरवानगी यांखेरीज महिलेला सूर्यास्तानंतर व सूर्योदयापूर्वी अटक करता येत नाही. अटकेनंतर विनाविलंब आणि प्रवासाचा वेळ वगळून २४ तासांच्या आत न्यायालयापुढे हजर करावे लागते. संविधानाच्या अनुच्छेद २२ नेही हीच मर्यादा घातली आहे.

न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राबाहेर बजावणीचे दोन मार्ग आहेत. वॉरंट तेथील कार्यकारी दंडाधिकारी, पोलीस अधीक्षक किंवा पोलीस आयुक्त यांच्याकडे टपालाने वा अन्य मार्गाने पाठवता येते. त्याबरोबर जामिनाचा निर्णय करता येईल इतकी माहिती व कागदपत्रे जोडावी लागतात. किंवा पोलीस अधिकारी स्वतः वॉरंट घेऊन जातो; तेव्हा त्याने सामान्यतः स्थानिक दंडाधिकाऱ्याचे अथवा ठाणे प्रभारीच्या दर्जाहून कमी नसलेल्या पोलीस अधिकाऱ्याचे पृष्ठांकन घ्यावे लागते. त्यात वेळ गेल्याने व्यक्ती निसटेल अशी शक्यता असल्यास पृष्ठांकनाशिवायही अटक करता येते.

परक्षेत्रात अटक झालेल्या व्यक्तीला, वॉरंट काढणारे न्यायालय अटकेच्या ठिकाणापासून ३० किलोमीटरच्या आत नसेल, तर सामान्यतः प्रथम स्थानिक दंडाधिकारी वा वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यापुढे नेतात. (१८९८ च्या संहितेत हे अंतर २० मैल होते.) गुन्हा जामीनपात्र असेल आणि व्यक्ती जामीन देण्यास तयार असेल, तर तेथेच तिची सुटका होते. गुन्हा अजामीनपात्र असल्यास तेथील मुख्य न्यायदंडाधिकारी किंवा सत्र न्यायाधीश कागदपत्रे पाहून जामीन देऊ शकतात. नव्या संहितेच्या कलम ८२ ने यात भर घालून अटकेची आणि स्थानबद्धतेच्या जागेची माहिती जिल्ह्यातील नियुक्त पोलीस अधिकाऱ्याला, तसेच ती व्यक्ती जेथे सामान्यतः राहते त्या जिल्ह्यातील अशाच अधिकाऱ्याला तत्काळ कळवणे बंधनकारक केले आहे.

वॉरंट रद्द करणे

वॉरंटमध्ये परतीची तारीख लिहिलेली असली, तरी ती उलटल्याने वॉरंट आपोआप संपत नाही. ते रद्द करण्याचा अधिकार कलम ७२ च्या पोटकलम (२) ने वॉरंट काढणाऱ्या न्यायालयाला दिला आहे. फौजदारी न्यायालयांना आपला अंतिम आदेश एरवी बदलता येत नाही आणि अंगभूत अधिकार फक्त उच्च न्यायालयाला आहेत. परंतु वॉरंटच्या बाबतीत दंडाधिकाऱ्यालाही कायद्यानेच हा मार्ग मोकळा ठेवला आहे. उच्च न्यायालय आपल्या अंगभूत किंवा संविधानिक अधिकारात वॉरंटमध्ये हस्तक्षेप करू शकते.

व्यवहारात आरोपी वा साक्षीदार गैरहजेरीचे कारण देऊन वॉरंट रद्द करण्याचा अर्ज करतो. न्यायालय तो मंजूर करताना खर्च भरण्यास किंवा नवे बंधपत्र देण्यास सांगू शकते. अर्जासाठी आरोपीने स्वतः हजर राहिलेच पाहिजे का, हा मोठा व्यावहारिक प्रश्न होता. हजर राहिले तर कोठडीची भीती, न राहिले तर अर्ज फेटाळला जाण्याची. अंतिल निर्णयात सांगितलेल्या वर्गांतील प्रकरणांत त्याचे उत्तर असे दिले गेले की, बजावणीपूर्वी अर्ज आला आणि पुढील तारखेला हजर राहण्याची हमी दिली, तर प्रत्यक्ष हजेरीचा आग्रह न धरता अजामीनपात्र वॉरंट रद्द करता येते किंवा त्याचे जामीनपात्र वॉरंटमध्ये वा समन्समध्ये रूपांतर करता येते.

रद्द झालेले वॉरंट पोलिसांच्या हाती तसेच राहिले तर काय घडते, याचे उदाहरण रघुवंश देवांचंद भसीन वि. महाराष्ट्र राज्य (२०११) या प्रकरणात मिळते. मुंबईतील एका वकिलाविरुद्ध निघालेले अजामीनपात्र वॉरंट न्यायालयाने रद्द केले होते. तरीही १५ ऑगस्ट २००२ रोजी, स्वातंत्र्यदिनाच्या सुट्टीत, त्याच वॉरंटच्या आधारे त्यांना अटक करण्यात आली. मुंबई उच्च न्यायालयाने ही अटक गैर ठरवून संबंधित पोलीस निरीक्षकाने स्वतःच्या पैशातून २,००० रुपये द्यावेत, असा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने ही रक्कम वाढवली नाही. तथापि असा प्रकार पुन्हा घडू नये म्हणून देशातील सर्व फौजदारी न्यायालयांसाठी सविस्तर सूचना दिल्या, आणि या निर्णयाचे महत्त्व त्या सूचनांमध्ये आहे.

वॉरंटसाठी छापील आणि यंत्राने क्रमांक घातलेले नमुनेच वापरावेत व प्रत्येक नमुन्याचा हिशेब ठेवावा. खटल्याचा पूर्ण तपशील लिहिलेला आहे याची खात्री करूनच न्यायाधीशाने वाचता येईल अशी पूर्ण सही, नाव आणि शिक्का करावा. वॉरंट विशिष्ट अधिकाऱ्याच्या नावे असावे आणि, मुदतविरहित ठेवण्याचा हेतू नसल्यास, बजावणी होवो वा न होवो, ठरलेल्या तारखेपर्यंत ते परत यावे. प्रत्येक वॉरंटची नोंद न्यायालयाच्या नोंदवहीत अनुक्रमाने व्हावी आणि पोलीस ठाण्यातही तशीच नोंदवही असावी. परतीच्या दिवशी न्यायालयाने ठाणे प्रभारीकडून अनुपालन अहवाल मागावा. वॉरंट रद्द झाल्यास तो आदेश खटल्याच्या कागदपत्रांत आणि नोंदवहीत लिहावा, संबंधित अधिकाऱ्याला त्याची प्रत पाठवून वॉरंट बजावणी न करता तत्काळ परत मागवावे, ते परत आल्याची तारीख नोंदवावी आणि आदेशाची एक प्रत आरोपीलाही द्यावी. ही शेवटची सूचना साधी वाटते, परंतु ठाण्यात आदेश पोहोचण्यापूर्वी अटक करण्यास कोणी आले, तर दाखवण्यासाठी त्या व्यक्तीच्या हाती तेवढाच कागद असतो.

बजावणी न झाल्यास

वॉरंट निघालेली व्यक्ती फरार झाली आहे किंवा बजावणी टाळण्यासाठी लपून आहे, असे मानण्यास न्यायालयाला कारण असल्यास कलम ८४ (जुने कलम ८२) अन्वये किमान ३० दिवसांची मुदत देणारी उद्घोषणा काढता येते. उद्घोषणेनंतर मालमत्तेची जप्ती करता येते. मालमत्ता विकली किंवा हलवली जाण्याचा संभव असल्यास जप्तीचा आदेश उद्घोषणेबरोबरच देता येतो. जप्तीपासून दोन वर्षांच्या आत हजर होऊन आपण फरार झालो नव्हतो आणि उद्घोषणेची वेळेत माहिती नव्हती हे सिद्ध केल्यास मालमत्ता परत मिळते. उद्घोषणेला न जुमानता गैरहजर राहणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २०९ नुसार स्वतंत्र गुन्हा आहे. उद्घोषित गुन्हेगाराला अटकपूर्व जामीन सामान्यतः मिळत नाही.

फरार आरोपीच्या गैरहजेरीत साक्षीपुरावे नोंदवून ठेवण्याची तरतूद जुन्या संहितेतही होती, पण आरोपी सापडेपर्यंत निकाल देता येत नसे. महाराष्ट्रातील दंडाधिकारी न्यायालयांत अशी प्रकरणे सुप्त यादीत ठेवण्याची पद्धत आहे. नव्या संहितेच्या कलम ३५६ ने उद्घोषित गुन्हेगाराच्या अनुपस्थितीत खटला पूर्ण चालवून निकाल देण्याची मुभा दिली आहे. त्यासाठी किमान ३० दिवसांच्या अंतराने दोन लागोपाठची अटक वॉरंट निघालेली असणे, आरोपीच्या शेवटच्या ज्ञात पत्त्याच्या परिसरात खपणाऱ्या दैनिकात सूचना प्रसिद्ध होणे आणि दोषारोप ठेवल्यापासून ९० दिवस उलटणे आवश्यक आहे. दोन्ही वॉरंट खऱ्या पत्त्यावर गेली होती का आणि ती परत का आली, याचा अहवाल त्यामुळे आता निकालाच्या वैधतेशी जोडला गेला आहे.